पोळ्याचं पहिलं पाणी

अमरावती,
१२ जानेवारी १९३७

हेमसिंग मास्तर, रामराम.

चार वर्षांत एक ओळ नाही आणि आज एकदम तीन पानं, म्हणजे रामकिसनचं काहीतरी काम अडलंय, हे तू पाकीट फोडायच्या आधीच ओळखलं असशील. मेडशीच्या शाळेत एका बाकावर बसायचो तेव्हाही तू माझ्या तोंडाकडे बघून ओळखायचास. तर काम आहे.

आमच्या हायस्कुलात इंग्रजी शिकवणारे एक म्हातारे साहेब आहेत. यंदा ते विलायतेला परत चालले. जाताना त्यांनी मला एक लहानसं पुस्तक दिलं, त्यांच्या जन्मगावाचा इतिहास. लिहिणारा त्याच गावचा पाद्री. गाव केवढं, तर तीनशे माणसांचं. त्यावर अख्खं पुस्तक! देवळाची घंटा कोणी दिली, ओढ्यावरची पाणचक्की कोणाच्या घराण्यात होती, प्रार्थनेला पहिल्या बाकावर बसायचा मान कोणाचा, गावातली माणसं कशावरून भांडतात, सगळं. दोन दिवसांत वाचून काढलं आणि मग मला लाज वाटली. तीनशे माणसांच्या गावाला पुस्तक, आणि आपल्या सावळदरीच्या नऊशे माणसांना काय, तर पटवाऱ्याचं दप्तर!

मी सावळदरीचा इतिहास लिहायला घेतलाय. रामराव काकांना कळवलं. ते खूश झाले, छपाईचं मी बघतो म्हणाले. पण काकांना विचारलं की ते आपल्या पाटील घराण्याचंच सांगतात, आणि तेही दरवेळी निराळं. मला तिथं कान असलेला माणूस पाहिजे. तू गावच्या शाळेत मास्तर. गाव तुझ्याशी बोलतं आणि तुझा तांडा तर तुझाच आहे. जे मिळेल ते लिहून पाठव. नुसत्या सनावळ्या नकोत, गावाचा स्वभावही पाहिजे.

तुझा,
रामकिसन


सावळदरी,
३० जानेवारी १९३७

रामराम, पुस्तकवाले.

आपल्या गावावर पुस्तक! मी बायकोला, जमनाबाईला सांगितलं, तर ती म्हणाली, "त्यात काय लिवनार? माणसं जन्मतात, भांडतात, मरतात." तसं पाहिलं तर तुझं पहिलं प्रकरण झालं.

स्वभाव विचारतोस. पहिलं हे लिही, की सावळदरीचा माणूस सरळ उत्तर देत नाही. परवा एका वाटसरूनं पारावर विचारलं, मेडशीची वाट कोणती. तर पाच जण एकदम, "मेडशीले कायले जाता?" मग कोणाकडे, कोणाचे कोण, पोरगी पाहाले का, जवारीचं बी पाहाले. अर्धा तास झाला. वाट शेवटपर्यंत कोणी सांगितली नाही, पण भाकर खाल्ल्याशिवाय उठू दिलं नाही. दुसरं, इथलं भांडण मिटत नाही. वरच्या आळीतल्या दोन घरांत शेवग्याच्या एका फांदीवरून बावीस वर्षं बोलणं नाही. तरी पेरणीला दोघांचे बैल सावडीनं एका जुवाखाली असतात. माणसं अबोला धरतात, बैलांना त्यात ओढत नाहीत.

आणि तिसरी आपली विहीर. संवत छप्पनच्या दुष्काळात आजूबाजूच्या गावांच्या विहिरींचे तळ दिसले, हिचा दिसला नाही. कारंज्याच्या बाजाराहून आलेला व्यापारीसुद्धा इथं गाडी थांबवून पाणी पितो. शेलूबाजारात कोणी विचारलं "कोनतं गाव?" तर आपला माणूस गावाचं नाव सांगायच्या आधी विहिरीचं सांगतो.

एक विचारू? तुझ्या त्या विलायती पुस्तकात गावाच्या कडेला राहणाऱ्यांबद्दल काय लिहिलंय? आमची चाळीस घरं गावाच्या हद्दीवर आहेत म्हणून विचारतो.

हेमसिंग


अमरावती,
१६ फेब्रुवारी १९३७

हेमसिंग,

तुझं पत्र मी शिक्षकांच्या खोलीत वाचून दाखवलं. सगळे हसून लोटपोट झाले. तुझ्या हाताला धार आहे. तूच लिहायला पाहिजे होतंस.

तू विचारलंस म्हणून ते पुस्तक पुन्हा चाळलं. कडेच्या लोकांबद्दल एकच ओळ सापडली. गावाबाहेर मोकळं कुरण होतं, तिथं गरिबांची गुरं चरायची. अमुक साली गावच्या जमीनदारानं त्याला कुंपण घातलं. ती माणसं पुढं कुठं गेली ते लिहिलेलं नाही. पाद्रीबाबाला जागा पुरली नसावी.

माझ्या पुस्तकात तसं व्हायचं नाही. तांड्याचं मी स्वतंत्र प्रकरण करणार आहे आणि त्यासाठी मला एका गोष्टीचा उलगडा पाहिजे. पोळ्याला तोरण तुटायच्या आधी तुमच्या नायकाचा बैल विहिरीवर येतो, पहिलं पाणी तो पितो आणि मग गावाचे बैल. आई सांगायची की वर्षाची इडापिडा त्या बैलावर जाते, म्हणून तांड्याचा बैल पुढं. लहानपणी खरं वाटायचं. आता विचार करतो तर पटत नाही. तुम्ही त्या बैलाची शिंगं रंगवता, बेगड लावता, झूल घालता, डफडं वाजवत आणता. इडापिडा घ्यायला कोणी एवढं नटूनथटून येतं का? तुमच्याकडे याचं काहीतरी दुसरं कारण आहे आणि ते तुला माहीत आहे. पंचवीस वर्षांची दोस्ती आहे, मला सांग.

रामकिसन


सावळदरी,
९ मार्च १९३७

रामकिसन,

हे पत्र मी तीनदा लिहून फाडलं.

तुला आठवतं का, मेडशीच्या शाळेत मुलं मला काय म्हणायची? 'इडापिडेचा बैल'. तू म्हणायचा नाहीस, पण बाकीचे म्हणायचे तेव्हा तू दप्तर आवरायला लागायचास. दहा वर्षांचा असताना मी रडत घरी आलो आणि आजीला म्हणालो, यंदा आपला बैल नेऊ नका. हिरीबाई आजी तेव्हा चार माणसांचं काम एकटी करायची. तिनं मला समोर बसवलं आणि कारण सांगितलं. नंतर आमच्या संताची, सेवाभायाची आण घालून म्हणाली, हे तांड्याबाहेर बोलायचं नाही. आज सव्वीस वर्षांनी मी ती आण मोडतोय. गावानं आम्हांला खालच्या नजरेनं पाहायचं आणि आम्ही खरं माहीत असून गप्प बसायचं, हे आता मला सोसवत नाही. पुस्तक होतंय, तर त्यात खरं जाऊ दे.

ती विहीर आमची आहे. माझा पणजोबा मदनसिंग नायक तीनशे बैलांची लदेणी घेऊन या वाटेनं जायचा. खालून मीठ आणायचा, इथून जवारी न्यायचा. दरीच्या तोंडाशी पाणी नव्हतं, बैल तहानेनं पडायचे. दोन उन्हाळे तांडा इथं थांबला आणि नऊ पुरुष खोल विहीर खणली. तेव्हा इथं गाव नव्हतं, पळसाचं रान होतं. पुढं तुमची तीन घरं खालच्या मुलखातून आली आणि नायकाकडे पाणी मागितलं. तो म्हणाला, राहा, शेती करा, विहीर दोघांची. अट एकच, पोळ्याला पहिलं पाणी माझ्या बैलाचं. तुमच्या माणसांनी विहिरीच्या काठावर बेलभंडारा उचलून शपथ घेतली.

इडापिडेची गोष्ट तुमच्यात मागून आली. दुसऱ्याचा मान दरवर्षी डोळ्यांनी बघणं जड जातं, म्हणून कोणीतरी ती काढली असेल. आजी म्हणते, "त्यायले काय समजाचं ते समजू दे. बैल पयले जाते ना? मंग झालं. नाव कायबी ठेवा, पानी आपलं हाय." (ती आमच्या बोलीत बोलते, मी तुझ्यासाठी वऱ्हाडीत लिहितो.)

दोन गोष्टी पाळ. छापायच्या आधी मला दाखव. आणि तोवर हे कोणाला बोलू नको, तुझ्या काकांना तर नाहीच.

हेमसिंग


अमरावती,
२८ मे १९३७

प्रिय हेमसिंग,

तुझं पत्र वाचून मी दोनदा उठून खोलीत फेऱ्या मारल्या. काय गोष्ट आहे ही! एवढी वर्षं आमच्या डोळ्यांसमोर होती आणि आम्ही आंधळे.

उत्तराला उशीर झाला. मधे काकांच्या मुलीच्या लग्नाला सावळदरीला येऊन गेलो. वऱ्हाडी मंडळींच्या गडबडीत तांड्याकडे फिरकता आलं नाही. लांबून तुझ्या घराचा पळस दिसला, बरं वाटलं. राग धरू नको.

काका आता पुस्तकात जातीनं लक्ष घालतात. एक शंका आहे, माझीच. मदनसिंग नायकानं त्या वेळी काही लिहून घेतलं होतं का? कागद, शिक्का, दगडावर कोरलेलं काही? इतिहासाला पुरावा लागतो, नाहीतर लोक म्हणतात ऐकीव गोष्ट. काही असेल तर कळव, आणि काहीच नसेल तर तेही कळव.

तुझा,
रामकिसन


सावळदरी,
२० जून १९३७

रामकिसन,

कागद नाही. लदेणीच्या माणसाच्या पाठीवर गोणी असायची, कागद कुठून असणार? दगडही कोरलेला नाही. आजीला विचारलं तर हसली. म्हणाली, "बैलच आपला कागद. दर साली गावासमोर वाचून दाखवतो."

एक नवल सांगतो. परवा रामराव पाटलांनी मला रस्त्यात हाक मारली, ओसरीवर बसवलं आणि पान दिलं. आठ वर्षं या गावात मास्तर आहे, आजवर त्या ओसरीवर उभ्यानं बोललो. आजी कशी आहे विचारलं, पोळ्याला कोणता बैल काढणार ते विचारलं. मी घरी येऊन जमनाबाईला म्हणालो, पुस्तकाचा गुण दिसतोय. तिनं सूप घेतलं आणि जवारी पाखडायला बसली.

पावसानं ओढ दिलीय. लिहिलेलं प्रकरण केव्हा दाखवतोस?

हेमसिंग


सावळदरी,
८ सप्टेंबर १९३७

रामकिसन,

पोळा झाला. कसा झाला ते ऐक.

आदल्या दिवशी आम्ही बैलांचे खांदे हळद-तुपानं शेकले, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या" म्हटलं. दुसऱ्या दिवशी माझ्या थोरल्या भावानं, हरिसिंगनं, बैल सजवून विहिरीकडे आणला. काठावर रामराव पाटील उभे. मागे अख्खं गाव. पाटील मोठ्यानं म्हणाले, "गावकरी हो, आपन आजवर एक पाप करून राह्यलो. आपली इडापिडा गरिबाच्या बैलावर घालतो. हे आता शिकल्यासवरल्या जमान्यात शोभत नाई. आजपासून ही चाल बंद. तांड्यानं आपल्या बैलाले आपल्या दारी पानी पाजावं, मानानं पाजावं." मग त्यांनी हरिसिंगच्या डोक्याला फेटा बांधला.

आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या, रामकिसन. आमच्या तांड्यातल्या तरण्या पोरांनीही वाजवल्या. त्यांना इडापिडेचीच गोष्ट माहीत. त्यांना वाटलं, डाग धुतला गेला. हरिसिंग फेटा बांधून बैल परत घेऊन आला, तोही निम्मा खूश. मी तिथंच उभा होतो. मला सगळं कळत होतं. काय बोलणार होतो? इडापिडा आमच्यावरच घाला म्हणू?

आजीनं बैल माघारी येताना पाहिला आणि ती दाराशी खाली बसली. मग माझ्याकडे बघून एवढंच म्हणाली, "तूच सांगतलं." त्या दिवसापासून ती माझ्याशी बोलत नाही.

पाटलांना कारण कसं कळलं? मी एकाच माणसाला लिहिलं होतं.

हेमसिंग


अमरावती,
१९ ऑक्टोबर १९३७

प्रिय हेमसिंग,

तुझ्या पत्रातला संशय वाचून वाईट वाटलं. पण एका अर्थी गावानं एक खुळी चाल टाकून दिली, त्यात तांड्याचा अपमान थांबला, हेही बघ. तुला शाळेत काय ऐकून घ्यावं लागलं ते तूच लिहिलं होतंस.

असो. लपवून काय करू? लग्नाच्या दुसऱ्या दिवशी काकांनी विचारलं, लिखाण कुठवर आलं. मी तुझं पत्र बरोबर नेलं होतं. ओसरीवर वाचून दाखवलं. वाईट हेतू नव्हता रे, मला त्या पत्राचा अभिमान वाटत होता. मला वाटलं, काकांनाही वाटेल. ते शांतपणे ऐकत होते. शेवटी म्हणाले, "मास्तर चांगलं लिवते." कागद-शिक्क्याचं विचार असं त्यांनीच मला सांगितलं. ते तुला कळवलं नाही, ही माझी चूक.

काळजी करू नको. काका उदार आहेत. विहिरीचं पाणी कोणी कोणाला बंद करत नसतं. पुस्तक मुद्रकाकडे गेलं आहे.

तुझा,
रामकिसन


सावळदरी,
२४ एप्रिल १९३८

रामकिसन,

तुझ्या उदार काकांनी माघात विहिरीला कठडा बांधला आणि कठड्याला फाटक. फाटकाला कुलूप आहे. गावातल्या बायकांसाठी सकाळ-संध्याकाळ उघडतं. आमच्या बायकांना पहिल्या दिवशी सांगितलं, गर्दी होते, मागून या. दुसऱ्या दिवशी, उद्या या. तिसऱ्या दिवसापासून काही सांगायचीही गरज उरली नाही. आता आमच्या बायका दीड कोसावरच्या नाल्यात झिरा उकरतात. एक घागर भरायला दोन तास लागतात.

आम्ही अर्ज केला. चौकशीला साहेब आले, पारावर खुर्ची टाकून बसले. माणूस वाईट नव्हता, सगळं ऐकून घेतलं. मला म्हणाले, "विहीर तुमची, याला आधार काय?" मी म्हणालो, दर पोळ्याला पहिलं पाणी आमचा बैल पितो, गाव साक्षी आहे. त्यांनी विचारलं, "मागच्या पोळ्याला प्यायला का?" मी म्हणालो, नाही. त्यांनी लिहून घेतलं.

मग पाटलांनी पुस्तक काढलं. तुझं पुस्तक मी पहिल्यांदा तिथं पाहिलं. छापायच्या आधी दाखवशील म्हणाला होतास. साहेबांनी मलाच वाचायला दिलं, मास्तर म्हणून. मी गावासमोर उभा राहून मोठ्यानं वाचलं. "ग्रामस्थांच्या सोयीसाठी ही विहीर कै. उकंडराव पाटील यांनी स्वखर्चाने खोदविली. वाटेने जाणारे येणारे लमाण लोक तिचे पाणी पीत. पुढे त्यांतील काही फिरस्त्या कुटुंबांना पाटलांनी दया येऊन गावाबाहेर राहण्याची परवानगी दिली." आणि त्याखाली पोळ्याची खुळी चाल व ती बंद करणारे सुधारक पाटील. फिरस्ते हा शब्द मी लिहिला नव्हता, पण तुला तो माझ्याच पत्रावरून सुचला. लदेणी सांगितली नसती तर तुला तोही सुचला नसता.

प्रस्तावनेत माझे आभार आहेत. "तांड्यातीलच सुशिक्षित शिक्षक श्री. हेमसिंग यांनी अमूल्य माहिती पुरविली." साहेबांनी ती ओळ दोनदा वाचली आणि माझ्याकडे पाहिलं. अर्ज फेटाळला गेला. माझ्याच माहितीवर फेटाळला, असं आता सारा तांडा म्हणतो.

चौकशीआधी मी तुला तार केली होती, माझं गेल्या वर्षीचं मार्चातलं पत्र पाठव म्हणून. भांडण लागायच्या आधी लिहिलेला तेवढा एकच कागद आमच्या बाजूचा होता. तू उत्तरही दिलं नाहीस.

आजी रामनवमीनंतर चौथ्या दिवशी गेली. सात महिने माझ्याशी बोलली नाही, जातानाही बोलली नाही. तिच्या अंघोळीला झिऱ्याचं पाणी होतं, गढूळ. पाटलांना कळलं तसं त्यांनी गड्याबरोबर विहिरीच्या पाण्याच्या दोन घागरी पाठवल्या. माणुसकी म्हणून. जमनाबाईनं त्या गड्याच्या देखत अंगणात ओतल्या आणि रिकाम्या घागरी त्याच्या हातात दिल्या. "सांग तुया पाटलाले," ती म्हणाली, "म्हातारी आपल्या इहिरीचं पानी भीक म्हनून घेत नाई."

मला तुझ्याकडून आता एकच पाहिजे. त्या आभारातून माझं नाव काढ.

हेमसिंग


अमरावती,
१७ मे १९३८

प्रिय हेमसिंग यास,

आजींची बातमी वाचून फार दुःख झालं. त्यांच्या हातची धपाटी अजून आठवतात.

तुझ्या रागाला कारण आहे, हे मी नाकारत नाही. पण माझी बाजूही बघ. कच्चं लिखाण काकांकडे गेलं, तिथून ते बदलून आलं, आणि छपाई त्यांच्यावर अवलंबून. मी एक-दोन ठिकाणी विरोध केला होता. इतिहासात एका गोष्टीच्या दोन बाजू असतात, आणि ज्या बाजूला आधार नाही ती तळटिपेत तरी कशी घालावी? तुझं ते पत्र मुद्रकाकडच्या कागदांत गहाळ झालं. शोधायला सांगितलं आहे.

नाव काढणं आता शक्य नाही, सगळ्या प्रती बांधून झाल्या. आणि खरं सांगू, ते नाव राहू दे. तांड्यातल्याच माणसाचं नाव असल्यानं पुस्तकाला वजन आलं असं सगळे म्हणतात. तुझाच मान आहे त्यात.

एक आनंदाची बातमी. आपल्या भागातल्या शाळांत चौथीला स्थानिक इतिहास म्हणून पुस्तक लागतंय. सावळदरीच्या शाळेतही लागेल. आपलं गाव मुलं पुस्तकात वाचतील, हे आपण दोघांनी मिळून केलं.

तुझा,
रामकिसन


सावळदरी,
११ डिसेंबर १९३८

रामकिसन,

सात महिने लिहिलं नाही. लिहिण्यासारखं काही नव्हतं. पाणी झिऱ्याचंच आहे. बारा घरं तांडा सोडून पेनगंगेकडे गेली. त्यांना जाताना पाहून पाटील म्हणाले, फिरस्तेच ते.

पुस्तक शाळेत लागलं आणि मी शिकवतो. नोकरी आहे. पहिल्या दिवशी वाटलं होतं जमणार नाही, पण जमतं. माणसाला सगळ्याची सवय होते. मुलं धडा पाठ म्हणतात, गावातलीही आणि तांड्यातलीही, एका सुरात.

मागच्या आठवड्यात सहामाही झाली. पेपर तपासून ठेवायचे होते, कारण तपासणीचे साहेब येऊन एकेक उत्तर पुस्तकाशी ताडून बघतात. पाचवा प्रश्न होता, सावळदरीची विहीर कोणी खोदविली? तेवीस मुलांनी बरोबर लिहिलं, कै. उकंडराव पाटील. त्यांत तांड्यातली पाच मुलंही होती. मी तेवीस वेळा बरोबरची खूण केली.

चोविसावा पेपर माझ्या मुलीचा, चतुराचा होता. तिनं लिहिलं होतं, मदनसिंग नायक यांनी, नऊ पुरुष खोल, दोन उन्हाळे.

मी तिला हे कधी सांगितलं नव्हतं. तुला सांगितल्यानंतर मी कोणालाच काही सांगितलं नाही. घरी विचारलं, तेव्हा कळलं की आजी शेवटच्या महिन्यात तिला रोज जवळ घेऊन निजायची. माझ्याशी बोलत नव्हती, तिच्याशी बोलत होती.

मी त्या उत्तरावर तांबड्या शाईनं काट मारली. माझ्या शाळेत माझ्याच मुलीला पुस्तकाबाहेरच्या उत्तराचे गुण दिले, असं पाटलांनी साहेबांना दाखवलं असतं. नोकरी गेली तर तांड्यातल्या मुलांना शाळाही उरणार नाही. हे सगळं खरं आहे. मी ते स्वतःला रोज सांगतो.

चतुरा म्हणाली, "बापू, आजी खोटं बोलत होती का?" मी म्हणालो, "पुस्तकात असेल ते लिहायचं."

माझ्या शाळेचा नियम आहे, चुकलेलं उत्तर दहा वेळा लिहायचं. मीच केलेला नियम, आणि तो सगळ्यांना सारखा. ती खाली मान घालून बसली आणि तिनं दहा वेळा लिहिलं, सावळदरीची विहीर कै. उकंडराव पाटील यांनी खोदविली. एकही चूक नाही. वही माझ्यासमोर ठेवली आणि आईबरोबर झिऱ्यावर पाण्याला गेली.

ते पान वहीतून फाडून सोबत पाठवतो आहे. अक्षर चांगलं आहे तिचं.

हेमसिंग